शेजाऱ्याची भाषा आणि आपला कान

१ जुलै १९३३ रोजी मुंबईत ‘नाट्यमन्वंतर’ या संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ हे नाटक रंगमंचावर आणले आणि मराठी नाटकाने कूस बदलली, असे आपल्या नाट्येतिहासाची पुस्तके सांगतात. श्री. वि. वर्तकांचे हे नाटक ब्यर्नसन या नॉर्वेच्या लेखकाच्या नाटकावर बेतलेले होते. अनंत काणेकरांचे ‘घरकुल’ हेही इब्सेनच्या, म्हणजे आणखी एका नॉर्वेजियन नाटककाराच्या ‘डॉल्स हाउस’वरून आलेले. मराठी रसिकाची नॉर्वेशी ओळख झाली ती अशी नाटकाच्या दारातून. पण या नाटकांच्या मूळ भाषेची एक हकिकत सहसा कुणी सांगत नाही. इब्सेनचे ‘डॉल्स हाउस’ १८७९ साली छापले गेले ते नॉर्वेत नव्हे, तर डेन्मार्कची राजधानी कोपनहेगन इथे. त्याचा पहिला प्रयोगही २१ डिसेंबर १८७९ रोजी कोपनहेगनच्या रॉयल थिएटरमध्येच झाला. त्यासाठी भाषांतर कुणी केले, असा प्रश्न मनात येईल. उत्तर असे की, कुणीच केले नाही. त्याची गरजच नव्हती.

डॅनिश, नॉर्वेजियन आणि स्वीडिश या तीन देशांच्या तीन भाषा. तिन्हींची व्याकरणे वेगळी, शब्दकोश वेगळे, शाळेची पुस्तके वेगळी. तिन्ही भाषा बोलणारी माणसे एकत्र मोजली तर सव्वादोन कोटींच्या आसपास भरतात. आणि तरीही या तिघांपैकी कुणीही आपली भाषा न सोडता शेजाऱ्याशी बोलू शकतो, निदान बोलू शकतो असे मानले जाते. आयनार हाउगेन या नॉर्वेजियन वंशाच्या अमेरिकन भाषाशास्त्रज्ञाने १९६६ साली या प्रकाराला एक छान नाव दिले. त्याचे मराठी करायचे तर ‘अर्धसंवाद’ असे करता येईल. तू तुझ्या भाषेत बोल, मी माझ्या भाषेत बोलतो. थोडे कळेल, थोडे निसटेल, उरलेले अंदाजाने भरून काढू.

मी भाषाशास्त्रज्ञ नव्हे. आयुष्याची तीसेक वर्षे बँकेत काढली आणि उरलेल्या वेळात कादंबऱ्या लिहिल्या. या विषयाकडे ओढला गेलो तो मुलीमुळे. ती आणि जावई स्वीडनमधल्या माल्मो शहरात नोकरीला होते. २०१८ च्या उन्हाळ्यात दोन महिने आम्ही उभयता तिच्याकडे राहिलो. माल्मो आणि कोपनहेगन यांच्यामध्ये ओरेसुंडची सामुद्रधुनी आहे. तिच्यावर जवळपास आठ किलोमीटर लांबीचा पूल आणि त्याला जोडून समुद्राखालचा बोगदा आहे. १ जुलै २००० रोजी हा मार्ग खुला झाला. रेल्वेने पाऊण तासाच्या आत माणूस एका देशातून दुसऱ्या देशात जातो. सकाळी डोंबिवली-कल्याणची मंडळी मुंबईला निघावीत तशी इथली माणसे स्वीडनमध्ये राहून डेन्मार्कमध्ये कामाला जातात. मग ही माणसे एकमेकांशी बोलतात कशी, हा प्रश्न मला स्वस्थ बसू देईना.

लेकीच्या शेजारी एक वयस्क जोडपे राहत होते. नवरा स्वीडिश, बायको मूळची कोपनहेगनची. त्यांचा जावई नॉर्वेचा. एका रविवारी त्यांनी आम्हाला कॉफीला बोलावले. टेबलाभोवती तिन्ही भाषा चालू होत्या. आजी डॅनिशमध्ये विचारीत, जावई नॉर्वेजियनमध्ये उत्तर देई आणि आजोबा स्वीडिशमध्ये त्याला दुजोरा देत. मधूनच आजोबा कपाळाला आठ्या घालीत, मग जावई आजींचेच वाक्य थोडे स्वच्छ करून सांगे. पन्नास वर्षांच्या संसारानंतरही नवऱ्याला बायकोचे बोलणे कधी कधी कळत नाही, यात भाषेचा दोष किती आणि इतर कारणे किती, असे आजी डोळे मिचकावून म्हणाल्या, ते मात्र इंग्रजीत, खास आमच्यासाठी. मी ज्या गोष्टीकडे बघत राहिलो ती वेगळीच होती. आजींचा नातू आणि कोपनहेगनहून आलेली त्यांची भाची-नात, दोघेही पंधरा-सोळा वर्षांचे, कोपऱ्यात बसून गप्पा मारीत होते. तो स्वीडिश, ती डॅनिश. आणि गप्पा चालल्या होत्या सफाईदार इंग्रजीत.

या दोन पिढ्यांच्या मध्ये काय घडले, हे समजून घ्यायचे तर थोडे मागे जायला हवे.

हजार वर्षांपूर्वी या सगळ्या मुलखाची भाषा जवळपास एकच होती. तिला त्या काळचे लोक ‘डॅनिश जीभ’ म्हणत. अगदी आइसलँडचे लोकसुद्धा. पुढे वाटा फुटल्या. आइसलँड आणि फेरो बेटे समुद्रात दूर पडली, तिथे जुने रूप टिकून राहिले. आज आइसलँडची भाषा या तिघांना कळत नाही. मुख्य भूमीवर मात्र हान्सा व्यापारी संघाचे जर्मन व्यापारी बंदरोबंदरी आले आणि त्यांच्या बोलीतले ढीगभर शब्द तिन्ही भाषांत सारखेच शिरले. म्हणजे या बहिणींना वडिलार्जित इस्टेटीबरोबर उसनवारीही सारखीच मिळाली. १३९७ पासून १५२३ पर्यंत तिन्ही राज्ये कालमारच्या करारान्वये एका छत्राखाली होती. नंतर स्वीडन वेगळा झाला, नॉर्वे मात्र १८१४ पर्यंत डेन्मार्कच्या राजाकडे राहिला आणि त्याची लिहिण्याची भाषा डॅनिशच झाली. इब्सेनचे नाटक कोपनहेगनमध्ये सरळ उभे राहू शकले ते यामुळे. इब्सेनला या भाषाबंधुत्वाचे अगत्यही होते. १८६९ साली तिन्ही देशांच्या लेखनपद्धती जवळ आणण्यासाठी स्टॉकहोमला परिषद भरली होती, तिला तो हजर होता. तिथल्या काही सूचना डेन्मार्कने अमलात आणल्या त्या १९४८ साली, म्हणजे तब्बल ७९ वर्षांनी. सरकारी कामाचा वेग तिकडेही आपल्या ओळखीचाच म्हणायचा.

आता प्रश्न असा की, आज कुणाला कुणाचे किती कळते? याच्या चाचण्या गेली पन्नास वर्षे होत आल्या आहेत आणि निष्कर्ष मोठे मजेदार आहेत. समजणे ही दोन्ही बाजूंना सारखी असणारी गोष्ट नाही. डॅनिश माणसाला स्वीडिश जितकी कळते, तितकी स्वीडिश माणसाला डॅनिश कळत नाही. आणि दोन्ही शेजारी सर्वांत चांगले कळतात ते नॉर्वेजियन माणसाला.

डॅनिशची अडचण उच्चारांत आहे. कागदावर ती नॉर्वेजियनची जुळी बहीण दिसते. तोंडातून बाहेर पडताना मात्र तिची व्यंजने विरघळून जातात. केकला स्वीडिशमध्ये ‘काका’ म्हणतात, नॉर्वेजियनमध्ये ‘काके’. डॅनिश माणूस लिहितो ‘कागे’ आणि बोलतो ‘केए’सारखे काहीतरी. त्यात भर म्हणजे घशात क्षणभर श्वास अडवून सोडण्याची एक लकब. स्वीडिश आणि नॉर्वेजियन बोलणे सुरात असते. ‘आंडेन’ हा स्वीडिश शब्द एका सुरात म्हटला तर बदक आणि दुसऱ्या सुरात म्हटला तर आत्मा. डॅनिशमध्ये त्या सुरांच्या जागी ही घशातली अडवणूक आली आहे. नॉर्वेच्या सरकारी दूरचित्रवाणीने यावर एक प्रहसन दाखवले होते. दोन डॅनिश माणसे दुकानात भेटतात, एकमेकांचे एक अक्षर दोघांनाही कळत नाही, तरी भिडेखातर मान डोलावून व्यवहार करतात आणि शेवटी जगाने आम्हाला मदत करावी अशी विनवणी करतात. थट्टेचा भाग सोडून द्या, पण डॅनिश बाळांचा शब्दसंग्रह सुरुवातीला नॉर्वे-स्वीडनच्या बाळांपेक्षा सावकाश वाढतो, असे अभ्यासकांनाही आढळले आहे. एके काळी सगळ्या मुलखाच्या बोलीला जिचे नाव होते, तीच आज शेजाऱ्यांना सर्वांत कठीण वाटते.

मग डॅनिश माणसाला स्वीडिश त्यातल्या त्यात बरी का कळते? एक कारण शाळेत सापडले. स्वीडिश शब्द कानावर पडला की तो डॅनिश शब्दाच्या उच्चारासारखा नव्हे, तर त्याच्या लेखनासारखा वाटतो. डॅनिश माणूस मनातल्या मनात आपले स्पेलिंग आठवतो आणि शब्द ओळखतो. स्वीडिश माणसाला उलट दिशेने अशी मदत मिळत नाही. अजून वाचायला न शिकलेल्या छोट्या मुलांवर जेव्हा प्रयोग झाले, तेव्हा डॅनिश मुले आणि स्वीडिश मुले यांच्यात हा फरक दिसला नाही.

सारखे शब्दही कधी दगा देतात. ‘बी’ म्हणजे डेन्मार्क-नॉर्वेत शहर, स्वीडनमध्ये खेडे. ‘फ्रोकोस्ट’ नॉर्वेत सकाळची न्याहारी, डेन्मार्कमध्ये दुपारचे जेवण. दोघांनी एकमेकांना त्याचे आमंत्रण दिले तर एक जण काही तास उपाशी बसणार हे ठरलेले. ‘रुली’ म्हणजे स्वीडनमध्ये गमतीदार, शेजारी हाच शब्द शांत या अर्थाने वापरतात. ‘रार’ असे कुणाला डेन्मार्कमध्ये म्हटले तर तो प्रेमळ ठरतो, नॉर्वेत विक्षिप्त.

आकड्यांचा घोळ तर माझ्यातल्या जुन्या बँकवाल्याला फारच भावला. पन्नासला स्वीडन-नॉर्वेत ‘पाच दहा’ अशा अर्थाचा सरळ शब्द आहे. डॅनिश माणूस म्हणतो ‘हाल्ट्रेस’. याचे पूर्ण रूप उलगडले तर अर्थ होतो ‘अर्धे-तिसरे वेळा वीस’, म्हणजे अडीच विसा. सत्तर म्हणजे साडेतीन विसा, नव्वद म्हणजे साडेचार विसा. स्वीडिश माणूस कोपनहेगनच्या दुकानात किंमत ऐकून गोंधळतो तो इथे. मला मात्र हे ऐकताच घरी आल्यासारखे वाटले. आपले ‘अडीच’ संस्कृत ‘अर्धतृतीय’पासून आले आहे, म्हणजे नेमके अर्धे-तिसरेच. साडेतीनला जुन्या मराठीत ‘औट’ म्हणत, ते अर्धे-चौथे. आणि ‘दोन विसा दहा’ असा पन्नासचा हिशेब आपल्या खेड्यांतल्या आज्या करीतच असत. नॉर्वेने १९५१ साली आणखी एक बदल केला. पूर्वी तिथे बावीसला ‘दोन आणि वीस’ म्हणत. टेलिफोन खात्याच्या आग्रहावरून संसदेने ते ‘वीस दोन’ असे करून टाकले. बालभारतीच्या दुसरीच्या गणिताच्या पुस्तकात २०१९ साली ‘वीस दोन’ आले तेव्हा आपल्याकडे केवढे रान उठले होते, ते वाचकांना आठवत असेल. नॉर्वेतही ते सहजासहजी पचले नाही. पुढे अनेक वर्षे लोक दोन्ही पद्धती वापरत राहिले.

आता नॉर्वेजियन माणसाकडे वळू, कारण या गोष्टीचे मर्म तिथे आहे. त्याला दोन्ही शेजारी कळतात याचे सोपे कारण असे सांगतात की, त्याचे शब्द डॅनिशचे आणि उच्चार स्वीडिशच्या जवळचे. म्हणजे तो बरोबर मधल्या घरात राहतो. हे खरेच आहे. पण याहून महत्त्वाचे दुसरे कारण त्याच्या स्वतःच्या घरात आहे.

१८१४ नंतर आपली लिहिण्याची भाषा कोणती, यावर नॉर्वेत मोठे वाद झाले. ईवार ओसेन नावाचा एका गरीब शेतकऱ्याचा मुलगा १८४२ पासून चार वर्षे गावोगाव फिरला, बोली टिपून घेतल्या आणि त्यांतून एक नवी लेखनभाषा उभी केली. १८८५ साली संसदेने तिला डॅनिशवळणाच्या भाषेइतकाच दर्जा दिला. आजही नॉर्वेत नॉर्वेजियनचीच दोन अधिकृत रूपे आहेत, बूकमोल आणि नीनोर्स्क. शाळकरी मुले दोन्ही वाचायला शिकतात. पण त्याहीपेक्षा १८७८ चा एक ठराव मला मोलाचा वाटतो. शिकवणे शक्य तितके मुलांच्या स्वतःच्या बोलीत व्हावे, असे संसदेने त्या वर्षी ठरवले. मूल ज्या बोलीत बोलते ती सुधारण्याचा अधिकार मास्तरांना राहिला नाही. परिणाम असा झाला की ‘मी’ या साध्या शब्दाला कुणी ‘याय’ म्हणतो, कुणी ‘एग’, कुणी ‘ॲ’, कुणी ‘ई’, आणि हे सगळे वर्गात, संसदेत, बातम्यांत आणि दवाखान्यात ऐकू येते. त्याबद्दल कुणी हसत नाही. लहानपणापासून ज्याच्या कानाला अशी सवय लागली, त्याला स्वीडिश म्हणजे जरा लांबच्या खोऱ्यातली आणखी एक बोली वाटते. अनोळखी शब्द आला म्हणून तो दचकत नाही, पुढचे वाक्य येईपर्यंत वाट बघतो.

स्टॉकहोम आणि कोपनहेगनने मात्र प्रमाणभाषेचा फार काटेकोर आग्रह धरला. ज्या स्कोने प्रांतात माल्मो आहे, तो १६५८ पर्यंत डेन्मार्कचा होता. स्वीडनने तो जिंकल्यावर तिथली भाषा पद्धतशीरपणे बदलली. लुंडचे विद्यापीठ १६६६ साली निघाले ते त्याच सुमाराला. तरी स्कोनेच्या उच्चारांत डॅनिशची छटा अजून आहे आणि स्टॉकहोमकडचे लोक त्यावरून तिथल्यांची टिंगल करतात.

२००५ साली नॉर्डिक देशांच्या मंत्रिपरिषदेने एक मोठा अहवाल प्रसिद्ध केला. भाषा या देशांना एकत्र धरून ठेवते का, असे त्याच्या नावातच विचारले होते. शाळकरी मुलांना शेजारभाषेतली चित्रफीत दाखवून, बातमी ऐकवून, वृत्तपत्रातला मजकूर वाचायला देऊन किती कळले ते तपासले गेले. तिन्ही मोठ्या देशांत नॉर्वेची मुले पुढे होती. त्यांच्याही पुढे निघाली ती चिमुकल्या फेरो बेटांवरची मुले, जी घरी फेरोई बोलतात आणि शाळेत डॅनिश शिकतात. पण अहवालाने धोक्याची घंटाही वाजवली. मुलांपेक्षा त्यांच्या आईबापांना शेजारभाषा जास्त कळत होती. आणि डेन्मार्क-स्वीडनच्या मुलांना शेजाऱ्याच्या भाषेपेक्षा इंग्रजी अधिक कळत होती. माल्मोच्या त्या कोपऱ्यात मी जे पाहिले ते काही अपवादात्मक नव्हते.

यात बिघडले कुठे, असे कुणी म्हणेल. दोघांनाही इंग्रजी येते, काम भागते. पण काम भागणे वेगळे आणि आपल्या भाषेत बोलता येणे वेगळे. या देशांत १९५४ पासून कुणीही कुठेही जाऊन नोकरी करू शकतो. कितीतरी स्वीडिश परिचारिका नॉर्वेच्या इस्पितळांत काम करतात. ऐंशी वर्षांच्या आजीला रात्री छातीत कळ आली, तर ती काय होतेय ते आपल्या खोऱ्यातल्या बोलीत सांगणार. ते ऐकणारा कान शेजारी असणे ही चैनीची गोष्ट नव्हे. १९८७ पासून अमलात आलेल्या नॉर्डिक भाषा करारानुसार या देशांच्या नागरिकाला शेजारी देशातल्या सरकारी कचेरीत आपली भाषा वापरण्याची मुभा आहे. पण कराराने मुभा मिळते, कान मिळत नाही. २०११ ते २०१८ या काळात गाजलेल्या ‘ब्रोएन’ या मालिकेत पुलाच्या मधोमध एक प्रेत सापडते आणि स्वीडिश बाई व डॅनिश पुरुष असे दोन पोलीस अधिकारी आपापल्या भाषेत बोलत तपास करतात. बघणाऱ्यांसाठी मात्र दोन्हीकडे पडद्यावर खाली भाषांतर द्यावे लागले.

हे सगळे वाचताना मला माझ्या नोकरीतली गावे आठवत होती. ‘माझे पैसे आले का?’ हा बँकेच्या काउंटरवरचा सर्वांत नेहमीचा प्रश्न. धुळ्याकडे तो ‘मन्हा पैसा उनात का?’ असा येई, सावंतवाडीला ‘माझे पैशे इले काय?’ असा आणि अचलपूरला ‘माहे पैसे आले काय?’ असा. एका शाखेत शहरातून नव्याने आलेला एक तरुण अधिकारी होता, मराठीच. अहिराणी बोलणाऱ्या म्हाताऱ्या बाईंना तो हिंदीतून उत्तर देई. त्याच्या मनात दुष्टावा काहीच नव्हता. ही मराठी नाही तर मग हिंदी बोलावे, एवढाच त्याचा हिशेब. बाई मात्र पुढच्या वेळी आपल्या शाळकरी नातवाला बरोबर घेऊन आल्या, आणि त्या दिवसापासून स्वतः काउंटरवर बोलायच्या बंद झाल्या.

म्हणून मला वाटते की समजणे ही निव्वळ भाषांच्या जवळिकीची गोष्ट नाही. सरावाची आणि काहीशी मर्जीचीही आहे. स्वीडिश आणि डॅनिश यांच्यातले अंतर आजी-आजोबांच्या तरुणपणी होते तेवढेच आज आहे. नाहीसा होत चालला आहे तो ऐकून घेण्याचा धीर. पहिल्या वाक्याला अडखळायला झाले की आजची मुले इंग्रजीचा हमरस्ता धरतात. आपल्याकडे तो रस्ता हिंदी आणि इंग्रजी असा दुहेरी आहे. गावाहून आलेल्या चुलतभावाच्या बोलण्याला शहरातली भावंडे हसतात, तेव्हा तो गप्प होतो आणि ह्यांचा कानही तिथेच बंद होतो.

माल्मोच्या त्या जावयाला मी निघताना विचारले होते की, डॅनिश समजायला लागण्यासाठी काय करावे? तो म्हणाला, पहिली दहा मिनिटे काही कळत नाही, तेवढी कळ काढायची आणि इंग्रजीवर जायचे नाही. अकराव्या मिनिटाला कान आपोआप लागतो. या सुट्टीत घरी कुणी मालवणी, अहिराणी किंवा वऱ्हाडी बोलणारे पाहुणे आले, तर मुलांना तेवढी दहा मिनिटे त्यांच्याजवळ बसवून पाहा. आजीने अर्थ लगेच सांगायचा नाही, एवढी अट मात्र पाळा.